युरोप व्हाया दिवा

आमची लेक लिस्बनला असते. हे वाक्य पोशीरमध्ये बोलायचं तर पुढची दहा मिनिटं मोकळी ठेवावी लागतात. ‘लिस्बन म्हणजे वांगणीच्या अलीकडं का पलीकडं?’ इथून सुरुवात होते. मग पोर्तुगाल सांगावा लागतो, मग रोनाल्डो सांगावा लागतो, आणि रोनाल्डो म्हटल्यावर मात्र पारावरची सगळी पोरं माना डोलावतात. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत तेहतीस वर्षं इतिहास-भूगोल शिकवला. पण या पंचक्रोशीत पोर्तुगालची जागा पक्की केली ती त्या गड्यानं.

तर गेल्या दिवाळीत लेकीचा फोन आला. म्हणाली, “बाबा, काल मी सेल्फ-गाइडेड वॉकिंग टूर केली.”

“म्हणजे काय केलंस?”

“म्हणजे गाइड नसतो. फोनवर यादी असते, नकाशा असतो. आपलं आपण चालायचं. यादीतलं ठिकाण आलं की थांबायचं, वाचायचं, बघायचं, पुढं जायचं.”

“आणि शेवटी?”

“शेवटी काही नाही. घरी यायचं.”

“कुणाकडं गेली होतीस पण?”

“कुणाकडं नाही हो बाबा!”

फोन स्पीकरवर होता. स्वयंपाकघरातून हिचा आवाज आला, “मग जेवली कुठं?”

त्या दिवशी आम्हा दोघांना पडलेलं कोडं असं : परक्या गावात सकाळपासून संध्याकाळपर्यंत पायी हिंडायचं, एकाही उंबऱ्याला पाय लावायचा नाही, कुणाच्या घरचा चहा घ्यायचा नाही, वाट विचारायची नाही, आणि हे सगळं हौसेनं. आमच्याकडं असं वागणाऱ्या माणसाची दुपारपर्यंत पोलीस पाटलाकडं वर्दी जाते. आपल्याकडं माणूस चालतो तो कारणानं चालतो. पालखीबरोबर चालतो, लग्नाच्या पत्रिका वाटत चालतो, नेरळची मिनीडोर चुकली म्हणून चालतो, महाशिवरात्रीला खांडसवरून भीमाशंकर चढतो. नुसतं चालायचं म्हणून कोण चालतं? ज्याला डॉक्टरनं सांगितलंय तो. तोही दोन दिवस.

लेकीनं फोटो पाठवले. त्यातला एक मोठा देखणा होता. उंचच्या उंच दगडी कमानी आणि वर थेट निळं आभाळ. कार्मोचा मठ. १ नोव्हेंबर १७५५ च्या भूकंपात याचं छप्पर पडलं, ते पुन्हा घातलंच नाही. आता आत संग्रहालय आहे आणि तिकीट काढून लोक बघतात, असं तिनं खाली लिहिलं होतं. मी ते हिला वाचून दाखवलं. हिनं चष्मा लावून फोटो दोनदा बघितला.

“छप्पर नाही त्याचं तिकीट घेतात?”

“ऐतिहासिक आहे ते.”

“आपल्या गोठ्याचं छप्पर वादळात उडालं तेव्हा आठ दिवसांत पत्रे घातलेत तुम्ही. उगाच घाई केलीत.”

मे महिन्यात आम्ही दोघांनी तिकडं जायचं ठरत होतं. लेक म्हणाली, लिस्बन सात टेकड्यांवर वसलंय, रस्त्याला गुळगुळीत दगडी ठोकळे बसवलेत, पाय घसरतो, रोज आठ-दहा किलोमीटर चालणं होईल, तर आतापासून सराव ठेवा. “तुमच्याच गावाची यादी करा आणि त्याप्रमाणं एकदा फिरून बघा.” मला कल्पना पटली. मास्तर माणसाला यादी म्हटलं की हुरूप येतो. मी आखीव कागदावर सात थांबे लिहिले : एसटीचा थांबा, शाळा, मारुतीचं देऊळ, जुनी विहीर, पोशीर नदी, पलीकडची वाडी आणि परत. नेरळच्या बाजारातून पांढरे बूट आणले. आणि एका सोमवारी सकाळी साडेआठला, कागद हातात धरून, घराबाहेर पडलो.

पहिल्याच थांब्यावर प्रश्न आला, “गुरुजी, कुठं?”

आता हा प्रश्न नसतो, हे आपल्याला ठाऊक आहे. हा नमस्कार आहे. ‘हे काय, इथंच’ एवढं म्हटलं की विचारणारा तृप्त होतो. पण मी त्या दिवशी युरोपियन झालो होतो. मी खरं बोललो. “कुठं नाही. गाव बघत चाललोय.”

विचारणाऱ्याच्या चेहऱ्यावर जे दिसलं ते मी निवृत्तीच्या समारंभातसुद्धा पाहिलं नव्हतं. जन्म ज्या गावात गेला ते गाव सोमवारी सकाळी बूट घालून बघायला निघालेला माणूस! त्यानं हळूच विचारलं, “घरी सगळं बरं आहे ना?”

त्यात हातातला कागद नडला. आमच्या भागात कागद हातात घेऊन इकडंतिकडं बघणारी माणसं तीनच प्रकारची. एक, मतदार यादीवाले. दोन, धरणाचे सर्व्हेवाले. पोशीर नदीवर धरण व्हायचंय म्हटल्यापासून नदीकडं टक लावून बघणाऱ्या माणसाभोवती पाच मिनिटांत घोळका जमतो. आणि तीन, प्लॉटवाले एजंट. कर्जत तालुक्यात एखाद्या जमिनीकडं दोन मिनिटांपेक्षा जास्त वेळ बघितलं, की मागून कुणीतरी येऊन गुंठ्याचा भाव सांगतो. मी विहिरीपाशी थांबून जेमतेम चष्मा पुसत होतो, तर शेजारच्या खाचरातून आवाज आला, “गुरुजी, पार्टी कुठली आहे?”

“कसली पार्टी?”

“नाही, म्हणजे मुंबईची का पुण्याची? आमची वरकस जमीनपण दाखवा जमलं तर.”

नदीपर्यंत मी पोचलोच नाही. चौथ्या थांब्यावर एक माजी विद्यार्थी स्कूटर घेऊन आडवा आला. “बसा गुरुजी, सोडतो.” मी म्हटलं, मला चालायचंय. तो म्हणाला, असं कसं, तुम्ही चालत आणि मी गाडीवर, बरं दिसतं का. मी समजावलं. त्याला वाटलं, मी भिडस्तपणा करतोय. शेवटी त्यानं मला हाताला धरून बसवलं आणि सेल्फ-गाइडेड टूर घराच्या ओट्यावर आणून सोडली. सात थांब्यांपैकी साडेतीन झाले, चहा पाच. संध्याकाळी तिघं जण चौकशीला आले. एकानं रक्तातली साखर विचारली, एकानं वरकस विकताय का ते विचारलं, आणि तिसरा नुसताच बसून राहिला, कारण त्याला कुणीतरी ‘गुरुजींचं बिनसलंय’ एवढंच सांगितलं होतं.

पुढं मे महिन्याचा बेत फिसकटला. हिचे गुडघे. डॉक्टरांनी क्ष-किरणाची फिल्म उजेडाला धरली आणि सात टेकड्यांतली एकही परवडणार नाही असं सांगितलं. हिला फारसं वाईट वाटलं नाही. छप्पर नसलेल्या इमारतींवरून तिचं मन आधीच उडालं होतं. मी मात्र खट्टू झालो. आमची पिढी ‘अपूर्वाई’सारखं प्रवासवर्णन वाचून मोठी झालेली. युरोप न बघताच आम्ही युरोपाहून परत आलेलो असतो. एकदा जाऊन नुसतं पडताळून पाहायचं होतं.

तेव्हा लेकीनंच तोड काढली. “बाबा, वसईला जा.”

“वसईला काय आहे?”

“शहर आहे. लिस्बनवाल्यांनी बांधलेलं, दोनशे वर्षं राहिलेलं, तटाच्या आतलं अख्खं शहर. चर्चं आहेत, कॉलेज होतं, इस्पितळ होतं, नगरपालिकासुद्धा होती. आणि टेकडी एकही नाही.”

हे मला माहीत नव्हतं असं नाही. १७३९, चिमाजी अप्पा, वसईचा विजय : हा धडा मी वर्षानुवर्षं शिकवला. पण धड्यात किल्ला घेतला की धडा संपतो. घेतलं ते काय होतं, हे पुस्तकात एका ओळीत असतं. गुजरातच्या बहादूरशाहानं १५३४ च्या तहात वसई पोर्तुगिजांना देऊन टाकली, आणि पुढं २०५ वर्षं दमणपासून खालच्या त्यांच्या सगळ्या उत्तरेकडच्या मुलखाची ती राजधानी होती. गोव्याखालोखाल तोरा वसईचा. म्हणजे दिव्याला गाडी बदलून जाता येईल असं युरोपातलं एक शहर आपल्याकडं होतं आणि मी मुलांना त्याची फक्त तारीख पाठ करायला लावली.

लेकीनं बारा थांब्यांची यादी पाठवली. सोबत, गंमत म्हणून, पोर्तुगीज शब्दांची एक यादी, पाठ करायला.

निघायच्या दिवशी पहाटे हिची लगबग चालू होती. “पाव घेतलाय, बटाट्याची भाजी डब्यात आहे. बादली भरून ठेवली. परात झाकली. तुमच्या सदऱ्याला इस्त्री केली. घमेलं आत घ्या, पोरं उचलतात. चावी शेजारी द्या.” मी यादी उघडून बसलो होतो. पाव, बटाटा, बादली, परात, इस्त्री, घमेलं, चावी. यादीतल्या वीस शब्दांपैकी सात हिनं चूल विझायच्या आत बोलून टाकले होते, तेही अर्थासकट. ‘पगार’ राहिला होता. तो ती एक तारखेला बोलते, आता निवृत्तिवेतन असलं तरी पगारच म्हणते. लिस्बनमध्ये ही बाई उपाशी राहिली नसती आणि कुलुपाबाहेरही अडकली नसती.

नेरळहून धीमी लोकल, दिव्याला उतरायचं, तिथून वसईची मेमू. या मार्गाबद्दल एवढंच सांगतो की गाड्या मोजक्या आहेत, त्यामुळं दिवा हे शहर आम्ही फलाटावरून सविस्तर पाहिलं. मग कोपर, भिवंडी रोड, खारबाव, कामण रोड, जूचंद्र. खारबावच्या आसपास खाडी दिसली तेव्हा समोरच्या बाईनं हिला विचारलं, “कुठं चाललात?” ही म्हणाली, “युरोपात.” आणि त्या बाईनं, कसलाही धक्का न बसता, “मग वसईला पुढच्या डब्यातून उतरा, जिना जवळ पडतो,” असं सांगितलं.

वसई रोडहून रिक्षा केली. युरोपातल्या शहरात शिरताना छाती भरून यावी अशी माझी अपेक्षा होती. रिक्षा थेट किल्ल्याच्या पोटात शिरली आणि रिक्षावाला म्हणाला, “उतरा.” किल्ला संपल्यावर पुढं किल्लाबंदरची कोळी वस्ती आहे, तिथली माणसं या रस्त्यानं रोज जातात-येतात, त्यांच्यासाठी हे शहर म्हणजे वाटेत लागणारी झाडी. डावीउजवीकडं ताडांची गर्दी, वेलींनी गिळलेल्या भिंती, आणि त्यातून मधेच चार मजली उंचीचा एक कोरीव दर्शनी भाग नुसता उभा. मागं काही नाही. सिनेमाचा सेट लावून उचलायला विसरल्यासारखा. सिनेमावाल्यांना ते आधीच सुचलंय म्हणा. कोल्डप्ले म्हणून जो इंग्रजी वाद्यवृंद आहे त्यांचं २०१६ चं एक गाणंसुद्धा इथं चित्रित झालंय. ही माहिती मला एका शेळ्या राखणाऱ्या मुलानं दिली.

थांबा पहिला : पोर्ता दा तेर्रा. मी वाचून दाखवलं, “जमिनीकडचा दरवाजा. आणि पलीकडं खाडीवर पोर्ता दो मार, समुद्राचा दरवाजा.”

“पुढचं दार आणि मागचं दार,” ही म्हणाली. वास्तुशास्त्राचा तेवढा भाग संपला.

आता सेल्फ-गाइडेड प्रकाराची खरी परीक्षा सुरू झाली. फोनमधली बाई सांगत होती, ‘दोनशे मीटर सरळ जा.’ सरळ करवंदीची जाळी होती. मी फोन गोल फिरवला, तशी तीही गोल फिरली आणि ‘मार्ग पुन्हा शोधत आहे’ म्हणाली. माझी बायको पुन्हा शोधत वगैरे नाही. तिनं समोरून येणाऱ्या गृहस्थांना हाक मारली, “अहो दादा, चर्च कुठलं हो इकडं?” ते म्हणाले, “कुठलं पाहिजे?” हा वसईचा थाट. मग त्यांनी बोटांवर मोजून सांगितली : जेझुइटांचं, फ्रान्सिस्कनांचं, डॉमिनिकनांचं, ऑगस्टिनियनांचं आणि खाडीकडं संत जोसेफांचं मोठं. “सगळी बघणार? मग चला, मी दाखवतो.” आम्ही म्हटलं, नको, आमची सेल्फ-गाइडेड आहे. ते म्हणाले, “असू दे, मीपण मोकळाच आहे.”

असे एकूण चार सेल्फ आम्हाला त्या दिवशी लाभले. एक सोडून गेला की पुढच्याच्या हवाली करून जायचा, पालखीला जसा गावोगावी खांदा बदलतो तसा. माणूस एकटा चाललेला आपल्या लोकांना बघवत नाही. युरोपात म्हणे लोक तुम्हाला एकटं सोडतात आणि त्याचे पैसे लागत नाहीत.

त्यातल्या पहिल्या गृहस्थांनी जेझुइटांच्या चर्चपाशी नेलं. तोच तो दर्शनी भाग, खांब काय, कमान काय! आजही वर्षातून एकदा इथं मिस्सा होतो, गोन्सालो गार्सियांच्या नावानं. हे वसईचेच, इथंच सोळाव्या शतकात जन्मले, जेझुइटांकडं शिकले, पुढं जपानला गेले आणि ५ फेब्रुवारी १५९७ ला नागासाकीला त्यांना क्रुसावर मारलं. १८६२ साली ते संत झाले. भारतात जन्मलेला पहिला संत, कॅथलिक चर्चच्या हिशेबानं. त्या गृहस्थांनी ‘कॅथलिक चर्चच्या हिशेबानं’ हे शब्द आमच्याकडं बघून, ज्ञानोबा-तुकोबांचा मान राखून, मुद्दाम जोडले. वसईचा माणूस किती पिढ्यांपासून शेजाऱ्यांबरोबर राहतोय हे मला त्या तीन शब्दांत कळलं.

तिथंच एक लग्नाआधीचा फोटोसमारंभ चालला होता. मुलीचा झगा सहा मीटर लांब, तो उडवायला एक स्वतंत्र माणूस. आम्ही नेमके चौकटीत उभे. फोटोवाला ओरडला, “काका, काकी, जरा बाजूला!” आम्ही बाजूला झालो, तिथंही चौकटच. तो तरी काय करणार. चर्चएवढी चौकट धरली की आम्ही कुठंही उभे राहिलो तरी आतच. शेवटी तो जवळ आला, हिच्या नऊवारीकडं बघितलं, माझ्या पांढऱ्या बुटांकडं बघितलं आणि म्हणाला, “काका, दोन फोटो तुमचे काढू का? फुकट.” हिनं डबा खाली ठेवायला नकार दिला. असा आमचा जन्मातला एकमेव फोटोसमारंभ झाला : मागं जेझुइटांची सोळा-सतराव्या शतकातली कमान, पुढं स्टीलचा तीन कप्प्यांचा डबा, त्यात पाव आणि बटाटा. पोर्तुगीज वारसा इतक्या संपूर्ण स्वरूपात कुणी टिपला नसेल.

तो फोटो मी कौतुकानं गावाच्या ग्रुपवर टाकला. खाली काही लिहिलं नाही. तेच चुकलं, पण ते पुढं.

फ्रान्सिस्कनांच्या संत अंतोनीच्या चर्चमध्ये मात्र ही बराच वेळ गप्प राहिली. तिथं फरशी म्हणजे थडगी. एकेका दगडावर नाव, हुद्दा, साल, वंशपरंपरा. पायाखाली सगळे मोठे लोक. फिदाल्गो म्हणवणारी ही सरदार मंडळी. वसईत घर असणं म्हणजे काय, याची त्यांची घमेंड मोठी होती. जग फिरायला म्हणून निघालेला जेमेली करेरी नावाचा एक इटालियन वकील १६९५ साली या गावात येऊन गेला. ना राजाचा दूत, ना व्यापारी कंपनीचा माणूस. आपल्या खर्चानं, मिळेल त्या वाहनानं पृथ्वीप्रदक्षिणा. माझ्या मते खरा सेल्फ-गाइडेड तोच. त्यालाही इथं कुणीतरी ‘कुठं चाललात?’ विचारलं असेलच, आणि ‘कुठं नाही, बघत चाललोय’ म्हटल्यावर त्याच्या तोंडाकडं बघितलं असेल.

ही दगडांवरून न चालता कडेकडेनं चालत होती. म्हणाली, “कुणाची का असेना, माणसं झोपलीत.” मग एका भिंतीवर खडूनं काढलेला बदाम आणि आत दोन नावं दिसली. “ही कोण?”

“हे नंतरचे.”

बालेकिल्ल्याच्या दारावर पोर्तुगालच्या राजाची ढाल आणि आकाशगोल कोरलाय. १५३६ साली गव्हर्नर नुनो द कुन्याच्या हुकमानं कप्तान गार्सिया द सा यानं ही गढी बांधली, असा शिलालेख इथला. पोर्तुगीज शिलालेखांची ही पद्धत मला आवडली. बांधकाम खात्याच्या पाटीसारखी. कुणाच्या हुकमानं, कुणाच्या हातानं, कुठल्या साली. फक्त अंदाजित खर्च तेवढा लिहीत नसत.

बाहेरच्या तटाच्या बुरुजांना बहुतेक संतांची नावं. एकाला मात्र हत्तीचं. १७३९ च्या मे महिन्यात मराठ्यांनी सुरुंग लावून तट फोडला तो सां सेबास्तियांव बुरुजाशी. महिनोन्‌महिने वेढा घालून, हजारो माणसं पडल्यावर. चिमाजी अप्पांनी तेव्हा स्वतःला तोफेच्या तोंडी देण्याची भाषा केली, अशी आख्यायिका आपण सगळ्यांनी ऐकलीय. पण मला त्याहून बोलका वाटतो तो नंतरचा तह. हरलेल्या पोर्तुगिजांना शस्त्रं घेऊन, निशाणं फडकवत, ताशे वाजवत बाहेर पडू दिलं. हे मी हिला सांगितलं.

“हरल्यावर वाजवत गेले?”

“हो.”

“आपल्याकडं सरपंचकीला पडलेला माणूस आठ दिवस मागच्या दारानं येतो-जातो.”

पुढं मराठ्यांनी वसईचं नाव बाजीपूर ठेवलं. टिकलं नाही. १८०२ च्या अखेरच्या दिवशी दुसऱ्या बाजीरावानं इंग्रजांशी तह केला, तो वसईचाच. नावं बदलायला गेलं की गावं अशी हसतात.

दुपार कलल्यावर समुद्राच्या दरवाजापाशी पोचलो. बाहेर लगेच कोळ्यांची होडकी, बांबूच्या वलांडीवर बोंबील वाळत घातलेले. यादीत दहावा थांबा, ‘येथून जहाजे गोव्याकडे निघत’ असं लिहिलेलं. ही थांबली ती जहाजांसाठी नव्हे. पुढची पंचवीस मिनिटं मी खाडी बघितली आणि हिनं एका कोळणीशी बोंबलांचा भाव केला. दोघी एकमेकींच्या तोडीच्या निघाल्या. शेवटी लेकीची चौकशी, जावयाचा पगार (पोर्तुगीज!), हे सगळं होऊन शंभर बोंबील वर्तमानपत्रात बांधून मिळाले आणि वर जवळ्याची मूठ. युरोपात म्हणे घासाघीस करत नाहीत. मग तिथली माणसं एकमेकांना ओळखणार कशी?

शेवटचा थांबा संत जोसेफांचं चर्च. दारावर १६०१ साल. मनोरा शाबूत आहे, आत गोल गोल दगडी जिना, अंधारा, एका वेळी एक माणूस जेमतेम मावेल असा. हिला खाली बोंबलांपाशी बसवून मी चढलो. वरून सगळं दिसतं : खाडी, ताडांचे शेंडे, त्यात बुडालेलं शहर. दमलो होतो, धाप लागली होती. मनोऱ्याच्या माथ्यावर उभं राहून बघितलं तर घंटा लावायची जागा रिकामी.

खाली येऊन हिला म्हटलं, “घंटा नाहीत.”

“कुठं गेल्या?”

“चिमाजी अप्पांनी नेल्या. देवळांना वाटल्या. एक नाशिकला, नारोशंकराच्या देवळात. एक मेणवलीला. आणि एक भीमाशंकरला.”

हे बोललो आणि माझा मीच थबकलो. भीमाशंकरची ती घंटा! दोन दगडी खांबांमध्ये टांगलेली, खाली पसरट, घागऱ्यासारखी, आपल्या देवळातल्या घंटांशी अजिबात न जुळणारी. सहावीत असताना महाशिवरात्रीला वडिलांबरोबर खांडसवरून गणपती घाटानं चढलो होतो. पहाटेपासून चालून पोटऱ्या भरून आलेल्या. सगळे दर्शनाच्या रांगेत, आणि मी त्या घंटेला जोरात बुक्की हाणली. आवाज काही आला नाही, हात मात्र सुजला, आणि वर वडिलांची एक बसली. पोर्तुगालशी माझा पहिला प्रत्यक्ष संबंध तो. पन्नास-पंचावन्न वर्षांपूर्वीचा.

ही विचार करत होती. “म्हणजे घंटा तिकडं आपल्या डोक्यावर, डोंगरात. आणि आपण ती बघायला गाड्या बदलत इथं आलो.”

“घंटा बघायला नाही, शहर बघायला.”

“ते बघितलं. त्याला छप्पर नाही.”

परतीच्या मेमूत आमच्या बाकावर कुणी बसणार नाही असं मला वाटलं होतं, बोंबलांमुळं. उलट कामण रोडपर्यंत डब्यातल्या तीन बायकांनी पुडकं उघडून बघितलं आणि तिघींनी तीन वेगवेगळे भाव बरोबर ठरवले. मी फोन उघडला. गावाच्या ग्रुपवर सत्तेचाळीस संदेश आले होते. ‘गुरुजी व काकींना परदेश दौऱ्याच्या हार्दिक शुभेच्छा.’ ‘पोशीरचे नाव साता समुद्रापार.’ कुणीतरी आमचा डब्यासकट फोटो कापून, भोवती फुलं आणि वर विमान लावून फलक केला होता. खाली एका इच्छुक उमेदवाराचं नाव, शुभेच्छुक म्हणून. एकानं मात्र काळजीनं विचारलं होतं, ‘तिकडे थंडी आहे का? गुरुजींनी स्वेटर घातलेला दिसत नाही.’ खुलासा लिहायला घेतला, तेवढ्यात चार्जिंग संपलं.

नेरळला उतरलो तेव्हा रात्रीचे पावणेदहा. स्टेशनाबाहेर शेवटची मिनीडोर भरत आलेली. ड्रायव्हर आमच्याच गावचा. त्यानं आधी माझ्याकडं बघितलं, मग हिच्याकडं, मग पुन्हा माझ्याकडं.

“गुरुजी? तुम्ही दुपारी युरोपात होतात ना?”

“होतो.”

“आणि आलातपण?”

“आलो.”

तो गाडी सुरू करायचं विसरला. मागं बसलेले सगळे ऐकत होते. एकदम शांतता. त्याच्या डोक्यात विमानांचे, तासांचे, खर्चाचे काहीतरी हिशेब चालले असणार. पण तेवढ्यात हिनं पिशवी पायाशी सरकवली आणि वास सुटला. त्यानं दोनदा श्वास घेतला. कपाळावरची आठी गेली.

“काकी,” तो किल्ली फिरवत म्हणाला, “शेकडा कसे दिले?”